‘डाउनलोडच करू नका’ म्हटल्यानं पोरं सुरक्षित होत नाहीत

शाळेतली सायबर जागृतीची व्याख्यानं, कॉम्प्युटर क्लासच्या भिंतीवरचे फलक, पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरणारे संदेश. यवतमाळ असो की पुसद, वणी असो की पांढरकवडा, गेम खेळणाऱ्या पोरांसाठी सगळीकडे एकच सूचना असते. गेमची कुठलीही फाइल नेटवरून घ्यायची नाही, घेतली की व्हायरस आलाच. सेव्ह फाइलचा विषय निघाला तर आणखी एक भर पडते: दुसऱ्यानं खेळून ठेवलेला गेम आपल्या कन्सोलवर टाकणं म्हणजे कॉपी करून पास होणं. सांगणारी माणसं भली असतात, पोरांच्या काळजीपोटीच बोलतात, याबद्दल मला शंका नाही. पण त्यांचं पहिलं म्हणणं अर्धवट माहितीवर उभं आहे, दुसरं चूक आहे, आणि दोन्ही मिळून पोरांना जास्त धोक्यात ढकलतात. म्हणून हा प्रतिवाद.

सेव्ह फाइल म्हणजे खेळाची नोंद. खेळाडू कुठवर पोचला, कोणती मिशन पार पडली, हाती किती पैसे, गॅरेजात कोणती गाडी, एवढंच तिच्यात असतं. खेळ चालवणारा प्रोग्राम डिस्कवर किंवा कन्सोलमध्ये असतो. सेव्ह फाइल स्वतः काही चालवत नाही, खेळ तिला वाचतो. स्कोअरबुक दुसऱ्या गावाहून आणलं म्हणून ते चेंडू टाकू लागत नाही, तसंच हे. प्लेस्टेशन २च्या अधिकृत मेमरी कार्डात सगळी मिळून ८ एमबी जागा असायची आणि त्यातच घरातल्या सगळ्या खेळांच्या नोंदी मावायच्या. ‘जीटीए सॅन अँड्रियास’ची पीसीवरची सेव्ह तर बरोबर २,०२,७५२ बाइट्सची असते, खेळ काल सुरू केलेला असो की शंभर टक्के संपवलेला. हे आकडे लक्षात ठेवावेत. पुढे ते कामाला येणार आहेत.

आता ही नोंद दुसऱ्याकडून घ्यायची वेळ का येते? ‘आळस’ हे उत्तर फार सोपं आहे आणि आपल्या यवतमाळ जिल्ह्याला ते लागू पडत नाही. इथं घरोघरी कन्सोल पोचला तो मुख्यतः प्लेस्टेशन २च्या रूपानं, आणि तोही बहुधा सेकंडहॅण्ड: कुणी नागपूरला सीताबर्डीतून आणलेला, कुणाला अमरावतीच्या मावसभावानं वापरून दिलेला. २००० साली बाजारात आलेला आणि जगभर १५ कोटींहून जास्त विकला गेलेला हा कन्सोल भारतात उशिरापर्यंत टिकला. २००९मध्ये ‘हनुमान: बॉय वॉरियर’ आणि ‘देसी अड्डा’ हे भारतात घडवलेले खेळ त्यावर आले, ते त्याला इथं गिऱ्हाईक होतं म्हणूनच. विदर्भातल्या भारनियमनाची वर्षंही नेमकी हीच. ज्या फीडरवर गळती आणि थकबाकी जास्त तिथं अंधार जास्त, हा महावितरणचा हिशेब होता, आणि त्याचा अर्थ आपल्या खेड्यांना पुरता कळलेला होता. ते दिवस मागे पडले, पण मृगाच्या आधी वारावादळ सुटलं की उमरखेड-महागावकडे किंवा झरी-जामणीच्या गावांत लाइन आजही जाते आणि कधी येईल ते सांगता येत नाही.

खेळ सेव्ह होत असताना पडद्यावर सूचना येते: कन्सोल बंद करू नका, कार्ड काढू नका. पोरगं ती पाळतं. पण वीज त्याच्या हातात नसते. कार्डात नोंद लिहिली जाते तेव्हा मजकूर आणि तो कुठं ठेवला आहे याचा तक्ता, दोन्ही बदलावे लागतात. एक बदलून झालं आणि दुसरं व्हायचं असताना वीज गेली, की तक्ता एक सांगतो आणि जागेवर भलतंच असतं. लाइन आल्यावर कन्सोल ती फाइल ‘करप्ट’ म्हणून दाखवतो. कधी कधी सगळं कार्डच वाचता येत नाही आणि ‘फॉरमॅट करायचं का’ असा प्रश्न समोर येतो. गोंधळलेलं पोर ‘हो’ दाबतं आणि उरलंसुरलंही जातं. त्यात बाजारात ६४ आणि १२८ एमबीची म्हणून विकली जाणारी नकली कार्डं होती, जी अर्धी भरली की दगा द्यायची. प्लेस्टेशन २ला सेव्ह ठेवायला आपली अशी दुसरी जागा नव्हती. कार्ड गेलं की सगळं गेलं.

ज्या पोरानं सुट्टीभर खेळून अर्धा खेळ पार केला आणि एका झटक्यात सगळं गमावलं, त्यानं आपण होतो त्याच टप्प्यावरची दुसऱ्याची नोंद घेऊन पुढं खेळायला सुरुवात केली, तर त्यानं कुणाला फसवलं? कॉपी करून पास होण्याशी याची तुलना करणाऱ्यांनी परीक्षा कुठं आहे ते दाखवावं. इथं गुणपत्रिका नाही, मागं राहिलेला दुसरा परीक्षार्थी नाही, कुणाची जागा हिसकावली जात नाही. एकट्यानं खेळायच्या गोष्टीत आपण कुठून सुरुवात करायची हे ठरवायचा अधिकार खेळणाऱ्याचाच आहे.

आणि सेव्ह फाइल म्हणजे नेहमी ‘शंभर टक्के पूर्ण’ खेळच असतो हा समजही अज्ञानाचा आहे. आपल्या पोरांनी सगळ्यात जास्त कोणत्या नोंदींची देवाणघेवाण केली असेल तर ती क्रिकेटच्या संघांची. ‘ईए स्पोर्ट्स क्रिकेट ०७’ हा २००६च्या अखेरीस पीसी आणि प्लेस्टेशन २वर आलेला खेळ, ज्याच्यावर एक आख्खी पिढी वाढली. परवाने नसल्यामुळं त्यात भारतीय खेळाडूंची नावं मोडूनतोडून टाकलेली होती. आपल्याच संघातला आपला लाडका फलंदाज भलत्याच नावानं खेळायला येतो, हे बारा वर्षांच्या पोराला किती लागतं ते पोरालाच ठाऊक. कुणीतरी चिकाटीनं बसून एकेक नाव दुरुस्त करायचा, संघ अद्ययावत करायचा आणि ती फाइल सगळ्यांना वाटायचा. त्यानंतर कंपनीनं पीसी-कन्सोलसाठी दुसरा क्रिकेट खेळ काढलाच नाही, तरी ‘क्रिकेट ०७’ पुढं कितीतरी वर्षं जिवंत राहिला तो अशा फाइलींवर. पीसीवर हे सोपं होतं. प्लेस्टेशन २वाल्यांना तीच दुरुस्ती कार्डावर न्यायला जास्त खटपट पडायची, आणि कुणी एकानं केलेलं काम दहा जणांना मिळालं तर दहांची खटपट वाचायची. फुटबॉलच्या ‘पेस’ मालिकेचंही हेच. तिच्या प्लेस्टेशन ४वरच्या आवृत्त्यांत तर पेनड्राइव्हवरून संघांची चिन्हं आणि जर्सी आत घ्यायची सोय निर्मात्या कोनामीनंच खेळात दिली. त्यासाठी पेनड्राइव्हवर ‘डब्ल्यूईपीईएस’ नावाचा फोल्डर करायचा, इतकं ते सरळ होतं. खेळ बनवणारेच ज्याला दार उघडून देतात त्याला चोरी म्हणणारे आपण कोण?

ओरखडे पडलेल्या डिस्कचाही विचार करा. ठरावीक जागी आली की अडकते, पुढचं सगळं चालतं. त्या जागेपलीकडची एक नोंद मिळाली की तीच डिस्क पुन्हा खेळण्याजोगी होते. ‘व्हाइस सिटी’तलं रिमोटच्या हेलिकॉप्टरचं मिशन किंवा ‘सॅन अँड्रियास’मधलं झीरोचं छोट्या विमानाचं मिशन, यांपुढं हात टेकलेली पोरं सगळीकडे आहेत. एखाद्या मुलाच्या बोटांत तेवढी चपळाई नसेल, हाताला काही अधूपण असेल, तर त्यानं पुढची गोष्ट कधीच पाहू नये का? मला हा आग्रह क्रूर वाटतो.

माझ्या या म्हणण्याला एक ठिकाण अपवाद आहे. जिथं दुसरी माणसं समोर आहेत, गुणतक्ता आहे, ऑनलाइन सामना आहे, तिथं बदललेली नोंद आणणं ही लबाडीच आहे, त्यासाठी खातं बंद होऊ शकतं आणि ते व्हायलाच हवं. तिथं मी मनाई करणाऱ्यांच्या बाजूनं आहे.

आता व्हायरसकडे येऊ, कारण सगळी भीती त्याचीच आहे. कन्सोलला अपाय झाल्याची उदाहरणं आहेत, ती मी लपवणार नाही. ऑक्टोबर २००५मध्ये सोनीच्या पीएसपीसाठी एक फाइल पसरली. कन्सोलची प्रणाली जुन्या आवृत्तीवर नेऊन देते असा तिचा दावा होता. प्रत्यक्षात ती प्रणालीच्या महत्त्वाच्या फाइली पुसून टाकायची आणि पीएसपी परत सुरूच व्हायचा नाही. सिमॅन्टेकनं तिला ‘ट्रोजन.पीएसपीब्रिक’ असं नाव दिलं. त्याच महिन्यात निन्टेन्डो डीएसवरही तसाच एक प्रकार झाला. पण नीट पाहा: ती सेव्ह फाइल नव्हती. तो प्रोग्राम होता, आणि पोरांनी तो स्वतः चालवला होता. मे २०१५मध्ये ‘जीटीए ५’च्या पीसी आवृत्तीसाठी आलेल्या ‘अँग्री प्लेन्स’ आणि ‘नोक्लिप’ या दोन मॉडमध्ये खेळाडूची माहिती चोरणारा भाग दडवलेला सापडला. तेही मॉड होते, म्हणजे खेळासोबत चालणारे तुकडे, सेव्ह नव्हे. मॉड, प्रणालीची फाइल आणि सेव्ह या तीन वेगळ्या वस्तूंना ‘गेमची फाइल’ अशी एकच चिठ्ठी लावली की पोराला कोणती जपून हाताळायची ते कळणारच नाही.

सेव्ह फाइलच्या आडून यंत्रात शिरल्याचंही उदाहरण आहे आणि ते प्रामाणिकपणे मांडायला हवं. २००८ साली निन्टेन्डोच्या वी कन्सोलवर ‘झेल्डा: ट्वायलाइट प्रिन्सेस’ या खेळाची एक खास घडवलेली सेव्ह आली. तिच्यात नायकाच्या घोड्याचं नाव इतकं लांबलचक भरलं होतं की ते वाचताना खेळाचा हिशेब कोलमडायचा आणि एसडी कार्डवरचा दुसरा प्रोग्राम चालू व्हायचा. मूळ एक्सबॉक्सवर ‘मेकअसॉल्ट’च्या सेव्हमधून हेच साधलं गेलं होतं. म्हणजे सेव्ह फाइल ही शंभर टक्के निरुपद्रवी वस्तू आहे असं म्हणता येत नाही. पण या वाटा शोधणाऱ्यांनी त्या उघडपणे सांगितल्या आणि लोकांनी आपल्याच यंत्रावर स्वतःचे प्रोग्राम चालवायला त्या समजून-उमजून वापरल्या. पोरांच्या घरात शिरायला नव्हे. एकेका खेळातली एकेक चूक हुडकून असं काही घडवणं अतिशय कष्टाचं काम आहे. ज्याला वणीतल्या दुकानदाराच्या बँक खात्यात हात घालायचाय तो घोड्याच्या नावाशी खेळत बसत नाही. त्याला याहून कितीतरी सोपी वाट माहीत आहे.

ती वाट मधल्या कॉम्प्युटरमधून जाते. मनाई करणाऱ्यांच्या नजरेतून सुटतं ते हेच. सेव्ह फाइल नेटवरून थेट मेमरी कार्डात जात नाही. ती आधी कुठल्यातरी विंडोजच्या कॉम्प्युटरवर किंवा फोनवर उतरते, तिथं झिप उघडली जाते, मग पेनड्राइव्हनं पुढं जाते. विंडोजसाठी लिहिलेला घातक प्रोग्राम प्लेस्टेशनवर चालूच शकत नाही. तो त्या मधल्या मुक्कामी चालतो. आणि आपल्या जिल्ह्यात तो मधला कॉम्प्युटर कुणाचा असतो? घरोघरी लॅपटॉप नाहीत. पोरगं जातं ते काकाच्या दुकानात, नाहीतर ओळखीच्या आपले सरकार सेवा केंद्रात. त्या यंत्रात गावाचे सातबारे, आधारची छायाचित्रं, बँकेची पासबुकं, उत्पन्नाच्या दाखल्याचे आणि पीकविम्याचे अर्ज असतात. ब्राउझरमध्ये पासवर्ड साठवलेले असतात. माहिती चोरणारा प्रोग्राम काही मिनिटांत ते पासवर्ड आणि उघडी असलेली लॉगिनं उचलून नेतो; चालू लॉगिनच हाती लागलं की कित्येक ठिकाणी ओटीपीचीही गरज उरत नाही. एका पोराच्या खेळापायी एका गावाची कागदपत्रं उघड्यावर पडू शकतात. मला खरी भीती आहे ती याची. म्हणून पोराला सांगायचंच असेल तर ‘डाउनलोड करू नकोस’ हे न सांगता ‘या यंत्रावर करू नकोस’ हे सांगा, आणि कारण सांगून सांगा. पोरं कारण ऐकतात.

पुढचं शिक्षण अर्ध्या तासाचं आहे. विंडोज फाइलच्या नावाचं शेपूट मुळातच लपवून ठेवतं. त्यामुळं शेवटी ‘.psu.exe’ असलेली फाइल नुसती ‘.psu’ दिसते आणि पोर तिच्यावर दोनदा टिचकी मारतं. ते शेपूट दिसायला लावणं हे पहिलं काम. विंडोज ११मध्ये फाइल एक्सप्लोररच्या ‘व्ह्यू’ आणि मग ‘शो’मध्ये ती सोय आहे. प्लेस्टेशन २ची सेव्ह पीएसयू, मॅक्स, सीबीएस अशा शेपटांची असते. पीएसपीची सेव्ह म्हणजे एक फोल्डर, ज्यात पॅरम डॉट एसएफओ नावाची फाइल, एखादं छोटं चित्र आणि खेळाचा डेटा असतो. तो ‘पीएसपी’च्या आत ‘सेव्हडेटा’मध्ये ठेवायचा. फोनवर पीपीएसएसपीपी हे ॲप वापरून हेच खेळ खेळणाऱ्या पोरांनाही तोच फोल्डर लागतो. यातलं काहीही ‘इन्स्टॉल’ करावं लागत नाही. जिथं ईएक्सई, एससीआर, बॅट किंवा एपीके दिसलं तिथं ती सेव्ह नाहीच, मग नाव काहीही असो. पीएम किसानच्या आणि वाहनाच्या चलानाच्या नावानं फिरणाऱ्या एपीकेंनी खाती रिकामी झाल्याच्या बातम्या आपण वाचलेल्या आहेत. खेळाच्या नावानं येणारं एपीके त्याच जातीचं.

सुरुवातीचे आकडे इथं उपयोगी पडतात. ज्या कन्सोलचं आख्खं कार्ड ८ एमबीचं, त्याची एक सेव्ह ६० एमबीची कशी असेल? झिपला पासवर्ड कशाला हवा? तो बहुतेक वेळा यासाठी असतो की अँटिव्हायरसला आत पाहता येऊ नये. ‘आधी अँटिव्हायरस बंद करा’ असं जिथं लिहिलंय तिथं थांबायचं, वादच नाही. सर्वेक्षण भरा, मोबाईल नंबर द्या, ओटीपी टाका, असं म्हणणाऱ्याकडे सेव्ह नसतेच. शंका राहिली तर फाइल उघडण्याआधी व्हायरसटोटलवर तपासता येते, जिथं डझनावारी अँटिव्हायरस एकाच वेळी तिच्यावरून नजर फिरवतात. मात्र तिथं टाकलेली फाइल इतरांनाही पाहायला मिळू शकते, म्हणून स्वतःची कागदपत्रं तिथं टाकायची नाहीत. सेव्ह कार्डात टाकण्याआधी आपली जुनी नोंद दुसऱ्या कार्डावर किंवा पेनड्राइव्हवर काढून ठेवायची. आणि आपली डिस्क कोणत्या विभागाची ते पाहायचं: अमेरिकी आवृत्तीच्या क्रमांकाला ‘एसएलयूएस’ आणि युरोपीय आवृत्तीच्या क्रमांकाला ‘एसएलईएस’ अशी सुरुवात बहुधा असते, आणि एकीची सेव्ह दुसरीला सहसा दिसतच नाही. कित्येक पोरं ‘चालत नाही’ म्हणून चांगली फाइल टाकून देतात आणि वाईट फाइलीच्या मागं लागतात, ते एवढं माहीत नसल्यामुळं.

नव्या कन्सोलांबाबत तर ज्ञान हेच सगळ्यात मोठं संरक्षण आहे. प्लेस्टेशन ५च्या खेळांच्या सेव्ह पेनड्राइव्हवर काढता किंवा टाकता येत नाहीत. त्या कन्सोलमध्ये राहतात किंवा पैसे भरून घेतलेल्या प्लस सदस्यत्वाच्या क्लाउडमध्ये. पेनड्राइव्हची सोय तिथं फक्त प्लेस्टेशन ४च्या खेळांना आहे, आणि त्याही सेव्ह खात्याला बांधलेल्या, दुसऱ्याची थेट चालत नाही. निन्टेन्डो स्विचची सेव्ह यंत्राच्या आतल्या मेमरीत असते, कार्डावर नाही. एक्सबॉक्स वन आणि त्यापुढच्या यंत्रांत ती आपोआप आणि मोफत क्लाउडवर जाते. ‘जीटीए ऑनलाइन’चा पैसा रॉकस्टारच्या सर्व्हरवर असतो. एवढं ज्याला ठाऊक आहे त्याच्यापुढं कुणी ‘पीएस ५ची शंभर टक्के सेव्ह, मोफत झिप’ किंवा ‘ऑनलाइनचे अब्जावधी डॉलर एका फाइलीत’ असं काही ठेवलं, तर ते खोटं आहे हे क्षणात कळतं. मनाईच्या फलकावर यातलं एक अक्षर नसतं.

दुसऱ्या टोकाच्या लोकांनाही सोडता येत नाही. जुने कन्सोल विकणारे कितीतरी जण गिऱ्हाइकाला सांगतात, “काही नाही होत भाऊ, कन्सोलले व्हायरस लागतच नाही, बिनधास्त टाक.” अर्धं खरं सांगून पूर्ण नुकसान करणारं हे वाक्य आहे, कारण मधल्या कॉम्प्युटरचं नावही त्यात नाही. काही जण त्यापुढं जाऊन “खात्याचा पासवर्ड दे, मी सेव्ह टाकून देतो” म्हणतात. पासवर्ड दिला की खातं गेलं, त्यातले विकत घेतलेले खेळ गेले, आणि कार्ड जोडलेलं असेल तर बापाचे पैसेही. स्क्रीन दूरवरून दाखवायला लावणारी ॲप घ्यायला सांगणारे तर उघड चोर आहेत.

‘सरकारनं आता गेमवर बंदीच आणलीय’ असंही ऐकू येतं. ऑगस्ट २०२५मध्ये संसदेनं संमत केलेला ऑनलाइन गेमिंगचा कायदा पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालतो आणि ई-स्पोर्ट्सला मान्यता देतो. मेमरी कार्डावरच्या नोंदीशी त्याचा संबंध नाही. डिस्क चोरीची असेल तर तो गुन्हा डिस्कचा. त्याचं खापर सेव्हवर फोडू नये.

मनाईनं भागलं असतं तर फ्लॉपीच्या काळातच भागलं असतं. मायकेलअँजेलो नावाचा व्हायरस १९९२च्या मार्चमध्ये जगभर गाजला. तो फ्लॉपीवरून पसरायचा आणि ६ मार्चला डिस्कवरची माहिती नासवायचा. तेव्हाही हाच सल्ला होता: दुसऱ्याची फ्लॉपी घालू नका. लोकांनी घातल्याच, कारण काम त्यावरच चालायचं. उपयोगी ठरली ती माणसं ज्यांनी व्हायरस उघडून पाहिला. रहिमतपूरहून पुण्यात आलेले कैलाश काटकर कॅल्क्युलेटर दुरुस्त करायचे. त्यांचे धाकटे भाऊ संजय यांनी शिकत असताना या मायकेलअँजेलोवर उतारा लिहिला, आणि त्यातूनच क्विक हील ही अँटिव्हायरस कंपनी उभी राहिली. मराठी मुलखातल्या एका दुरुस्तीच्या दुकानात हे घडलं, कारण तिथं कुणी ‘हात लावू नकोस’ म्हणून थांबलं नाही.

पण सरसकट मनाईवरचा माझा सगळ्यात मोठा आक्षेप वेगळाच आहे. जी गोष्ट करायचीच नाही असं सांगितलं ती पोर चोरून करतं, आणि चूक झाली की लपवतं. कॉम्प्युटरवर काळी खिडकी क्षणभर चमकून गेली, फाइल उघडलीच नाही, ब्राउझर आपोआप बंद झाला, हे त्यानं पाहिलेलं असतं, पण तोंड उघडत नाही, कारण उघडलं तर मार आहे आणि कन्सोल कपाटात जाणार आहे. चोरीनंतरचे पहिले काही तास मोलाचे असतात. तेवढ्यात यंत्राचं नेट तोडलं, दुसऱ्या फोनवरून बँकेचे आणि ईमेलचे पासवर्ड बदलले, सगळीकडची लॉगिनं बंद केली, पैसे गेले असतील तर लगेच १९३०ला फोन करून तक्रार नोंदवली, तर पुष्कळ वाचवता येतं. यंत्र साफ करायला केंद्र सरकारच्या सायबर स्वच्छता केंद्राची मोफत साधनंही २०१७पासून आहेत. पण हे सगळं सुरू व्हायला पोरानं “बाबा, माझ्याकडून काहीतरी उघडलं गेलं” एवढं म्हणावं लागतं. ज्या घरात नियम ‘नाही म्हणजे नाही’ एवढाच आहे तिथं हे वाक्य तीन दिवसांनी येतं किंवा येतच नाही, आणि तोवर सेवा केंद्राच्या त्या यंत्रातून कुणाकुणाचं काय गेलं याचा पत्ता लागत नाही.

म्हणून व्याख्यान देणाऱ्यांना माझं मागणं आहे. पुढच्या वेळी यवतमाळच्या किंवा दारव्हा-दिग्रसच्या शाळेत याल तेव्हा प्रोजेक्टरवर घाबरवणारी चित्रं आणू नका. एक साधा कॉम्प्युटर आणा, ज्यात कुणाचं काही नाही. त्यावर एक खरी सेव्ह ठेवा आणि शेजारी त्याच नावाची, शेपूट लपवलेली एक नकली फाइल ठेवा, आत काहीही अपायकारक नसलेली. पोरांना पुढं बोलवा, दोन्ही ओळखायला लावा, चुकू द्या, परत ओळखायला लावा. जिल्ह्यातल्या इंजिनिअरिंग आणि पॉलिटेक्निकच्या विद्यार्थ्यांना हे काम द्या. त्यांच्यातल्या कितीतरी जणांनी ‘क्रिकेट ०७’चे संघ स्वतः दुरुस्त केलेले आहेत, ते तुमच्या-माझ्यापेक्षा चांगलं शिकवतील. सेवा केंद्र चालवणाऱ्यांनाही त्याच वर्गात बसवा, कारण खेळायला आलेल्या भाच्याला कोणत्या यंत्रावर बसू द्यायचं हे त्यांनाच ठरवायचं आहे.